'आयुष्यभर संस्थेचा पगार खाल्लात' : एका प्रतिक्रियेला उत्तर

दादा, नमस्कार.

मागच्या लेखात मी लिहिलं होतं की सहकारी सोसायटीची निवडणूक लागल्यावर कोर्टात धावून सभासदत्व वाचत नाही, ते आधी वाचवावं लागतं. त्यावर तासगाव भागातून तुमची प्रतिक्रिया आली. वडिलांचं नाव सोसायटीच्या मतदार यादीतून उडालं, हायकोर्टात गेलात तर 'प्रक्रिया सुरू झाली आहे, निकालानंतर या' असं ऐकावं लागलं, आणि आयुष्यभर संस्थेचा पगार खाल्लेले माझ्यासारखे लोक वर शेतकऱ्यालाच शहाणपण शिकवतात. 'तुम्ही सचिव होता तेव्हा काय केलंत?' हा तुमचा शेवटचा प्रश्न.

त्यापासूनच सुरू करतो. पगार संस्थेचा नव्हता, केडरचा (गटसचिवांच्या सामाईक सेवेचा) होता. पण ही पळवाट झाली, बसायचं चेअरमनसमोरच.

वाळवा तालुक्यातल्या एका विकास सोसायटीत (शेतकऱ्यांना पीककर्ज देणारी गावची सहकारी संस्था) गटसचिव असताना एका पावसाळ्यात सभासदत्वाचे चौदा अर्ज आले. सगळे एकाच भावकीचे, आणि भावकी विरोधी पॅनेलची. चेअरमन म्हणाले, "राहू देत खणात." मी ठेवले. पोच दिली नाही, सभेपुढे मांडले नाहीत, नाकारलेही नाहीत. तेरा जण दोन-चार हेलपाटे घालून गप्प बसले. चौदावा शाळेतला निवृत्त शिपाई, घरची दीड एकर. त्याने तोच अर्ज शेअरच्या रकमेसह एआर ऑफिसमध्ये (सहकार खात्याच्या सहाय्यक निबंधकाकडे) दिला, तिथला आवक नंबर पेनने तळहातावर लिहून घेतला आणि सोसायटीत येऊन हात माझ्या टेबलावर ठेवला. सहकारी संस्था कायद्याचं कलम २३ त्याला कोणी सांगितलं होतं कोण जाणे. संस्था अर्ज घेत नसेल तर तो निबंधकामार्फत देता येतो, आणि तिथून आलेल्या अर्जावर संस्थेने ६० दिवसांत निर्णय कळवला नाही तर माणूस सभासद झाल्यातच जमा. तो झाला. बाकीचे तेरा मागाहून झाले. पण सभासद झाल्यापासून दोन वर्षं मत देता येत नाही (हाउसिंग सोसायट्यांना ही अट नाही), त्यामुळे त्यांची एक अख्खी निवडणूक माझ्या खणात गेली. त्यांतल्या दोघांना मी आजही आठवडी बाजारात टाळतो.

आता हायकोर्ट. तुमचा राग समजतो, पण ते उत्तर त्या दिवशीच्या न्यायमूर्तींच्या मर्जीचा भाग नव्हतं. श्री संत सद्गुरू जनार्दन स्वामी दूध उत्पादक संस्थेच्या खटल्यात सुप्रीम कोर्टाने २००१ साली सांगून टाकलंय की मतदार यादी करणं हाही निवडणूक प्रक्रियेचाच भाग. प्रक्रिया एकदा सुरू झाली की यादीत चूक असली तरी रिट याचिकेत ती थांबवू नये, निकालानंतर निवडणुकीला आव्हान द्यावं. हे सहकारातल्या प्रत्येक वकिलाला पाठ असतं. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच बसतंय, त्यामुळे आपल्या सातारा-सांगलीकरांची मुंबईची वारी वाचली. निवाडा मात्र तोच आहे.

तुमचं एक म्हणणं सोळा आणे खरं, आणि मागच्या लेखात ते माझ्याकडून राहिलं. निकालानंतरचा रस्ता फार लांबचा आहे. कलम ९१ खाली सहकार न्यायालय, मग अपील, आणि तोवर समोरच्याची पाच वर्षं सरत येतात. शिवाय वडिलांच्या एका मताने निकाल फिरला असता का, हा प्रश्न तिथे निघणारच. कधीकधी फिरतो. नोव्हेंबर २०२१ मध्ये सातारा जिल्हा बँकेच्या जावळी सोसायटी गटात आमदार शशिकांत शिंदे २५ विरुद्ध २४ असे पडले. तिथे प्रत्येक सोसायटीने ठराव करून पाठवलेला एक प्रतिनिधी मत देतो, आणि ठराव कोणाच्या नावाचा करायचा हे गावातली कमिटी ठरवते. पण गावच्या सोसायटीत चाळीस-पन्नासच्या फरकाने पॅनेल पडलं असेल, तर एका मतावर खटला उभा राहत नाही.

म्हणून माझं म्हणणं मी सोडत नाही. मतदार यादी निघते सभासद रजिस्टरवरून, म्हणजे आय नमुन्यावरून. लोक यादीशी भांडतात, रजिस्टर कोणी उघडून बघत नाही. वडिलांचं नाव रजिस्टरातूनच गेलंय की नुसतं यादीत यायचं राहिलंय, हे तुमच्या एवढ्या मोठ्या प्रतिक्रियेत कुठेच नाही!

रजिस्टरातून गेलं असेल तर कसं? सभासदाची हकालपट्टी करायची तर कलम ३५: त्याला म्हणणं मांडायची संधी, सर्वसाधारण सभेत हजर सभासदांचं तीन चतुर्थांश बहुमत, वर निबंधकाची मंजुरी. एवढी यातायात सहसा कोणी करत नाही. 'जमीन राहिली नाही' किंवा 'कार्यक्षेत्रात राहत नाही' असा शेरा मारून २५अ खाली नाव कमी करायचं, हा सोपा रस्ता. पोरांच्या नावे वाटणी झाली की सातबाऱ्यावरून बापाचं नाव जातं आणि शेरा आयता मिळतो. तुमच्याकडे वाटणी झालीय का? झाली असली तरी म्हणणं ऐकून घेणं चुकत नाही. आणि माणूस शेतकरी आहे की नाही असा वाद पडला तर तो कलम ११ प्रमाणे निबंधकाने ठरवायचा, चेअरमनने नाही.

तेव्हा निवडणुकीचा खटला वकील सांगतील तसा चालू द्या, पण सभासदत्वाचं प्रकरण त्याच्या दावणीला बांधू नका. सोसायटीला एक साधा अर्ज द्या: आय नमुन्यातल्या वडिलांच्या नोंदीची नक्कल, नाव कमी केलं असल्यास तो ठराव आणि नोटीस. एक प्रत एआर ऑफिसला. दोन्हीकडे आवकचा शिक्का घ्या. शेअर सर्टिफिकेट घरात ट्रंकेत नाहीतर देव्हाऱ्यामागे सापडेल. झेरॉक्स जोडा, मूळ हातातून सोडू नका. आणि अर्जात 'निवडणूक' हा शब्द कुठेही घालू नका, नाहीतर सचिव 'प्रकरण न्यायप्रविष्ट' असा शेरा मारून अर्ज परत करेल. मी केला असता.

नक्कल हातात आली की ठराव क्रमांक आणि सभेची तारीख इथेच खाली लिहा.