गार्डनला जाताय? मग गाडी आणि बॅग घरी ठेवा

आत्ता न्यू जर्सीतल्या मेट्रोपार्कला जाणाऱ्या ट्रेनमध्ये बसून लिहितोय. डोकं तापलंय, त्यामुळे पोस्ट लांबणार. पण ज्यांच्या घरी बास्केटबॉलवेडं मूल आहे त्यांनी पूर्ण वाचा, हात जोडून सांगतो.

अर्ध्या तासापूर्वीची गोष्ट. न्यूयॉर्कमधला सेव्हन्थ अ‍ॅव्हेन्यू, मॅडिसन स्क्वेअर गार्डन या बंदिस्त स्टेडियमचं मुख्य दार. निक्सचा, म्हणजे न्यूयॉर्कच्या बास्केटबॉल संघाचा सामना, वेळ साडेसातची. घड्याळात सात पस्तीस. रांग जवळजवळ संपलेली, आणि दाराशेजारी एक आई आणि तिची आठ-नऊ वर्षांची मुलगी थंडीत उभ्या. मुलीने जाड जॅकेटवरूनच निक्सच्या ब्रन्सनची ११ नंबरची जर्सी चढवली होती, इतकी ताणून की दोन्ही आकडे फाकले होते. आई फोनवर मराठीत बोलत होती, "अहो, मग बॅग तिथेच कुणाकडे तरी द्या आणि या ना!" मराठी कानावर पडलं म्हणून थांबून विचारलं. मोठी बॅकपॅक आणलेली, ती आत चालत नाही. बाबा ती घेऊन गॅरेजकडे पळाले, तर गॅरेजवाल्याने गाडी पार तळघरात नेऊन लावलेली, वर आणायला वीस मिनिटं लागतील म्हणाला. आणि तिकिटं? तिघांचीही बाबांच्या फोनवर! म्हणजे या दोघी दारात असून बाहेर.

तेवढ्यात आतून गर्जना ऐकू आली. मुलीने आईकडे पाहिलं, आणि आईने मान दुसरीकडे वळवली.

विमान पकडायचं असलं की आपण तीन तास आधी जाऊन बसतो. लग्नाचा मुहूर्त साडेसातचा असेल तर सातला हातात अक्षता घेऊन तयार असतो. नाटकाला तिसरी घंटा व्हायच्या आत खुर्चीत. मग तिकिटाला एवढे डॉलर मोजून, मुलाला महिनाभर आधी सांगून ठेवलेल्या सामन्यालाच आपण ऐनवेळी धावत का जातो?

साडेसातचा खेळ असेल तर दारासमोर सव्वासहाला उभं राहायचं. मुलं बरोबर असतील तर याहून उशीर नकोच.

हिशेब सांगतो. चेंडू प्रत्यक्षात उडतो सात-चाळीसच्या सुमारास. हे माहीत असलेले लोक म्हणतात, मग दहा मिनिटं मिळालीच की. ती दहा मिनिटं कधीच मिळत नाहीत. दारं साधारण तासभर आधी उघडतात. उघडल्या उघडल्या गेलात तर मेटल डिटेक्टरमधून पाच-सात मिनिटांत आत. सात वाजले की ऑफिसं सुटलेलं मिडटाऊन त्याच दारांवर येऊन आदळतं. बास्केटबॉलला या इमारतीत १९,८१२ माणसं बसतात, आणि त्यातली बरीचशी त्याच अर्ध्या तासात येतात.

आणि आत आलात म्हणजे पोहोचलात असं नाही. गार्डन १९६८ मध्ये पेन स्टेशन या रेल्वे स्टेशनच्या डोक्यावर बांधलं. खाली रूळ, वर इमारत, त्यामुळे कोर्टच रस्त्यापासून पाचव्या मजल्यावर आहे. शंभराच्या सेक्शनलाही सरकते जिने चढावे लागतात, दोनशेचा सेक्शन असेल तर आणखी वर. गर्दीत दारापासून खुर्चीपर्यंत दहा-पंधरा मिनिटं जातात. मूल आणि त्याची एक बाथरूमची फेरी धरली की वीस-पंचवीस. त्यात खेळ सुरू झालेला असेल तर सेक्शनच्या तोंडाशी अडवतात आणि खेळ थांबला की मगच खाली सोडतात. बरोबरच आहे ते, बसलेल्यांच्या डोळ्यांसमोरून कुणी का जावं?

लवकर गेलात की काय मिळतं तेही सांगतो. खेळाडू सराव करत असतात. टीव्हीवर दिसतो तो शेवटचा नेम; इथे तोच माणूस एकाच जागेवरून पुन्हा पुन्हा चेंडू टाकताना दिसतो. मग दोन्ही संघ ओळीने ले-अप (धावत येऊन अगदी जवळून टाकलेला चेंडू) टाकायला येतात, आणि साडेसाताच्या पुढे दिवे मालवून एकेकाचं नाव पुकारलं जातं. मान वर केली की वेगळ्याच घाटाचं ते गोल छत, १९७० आणि १९७३ च्या विजेतेपदांचे झेंडे, जुन्या दिग्गजांचे जर्सी नंबर: रीडचा १९, फ्रेझरचा १०, युइंगचा ३३. आठ वर्षांच्या मुलीला हे सगळं अंधार होण्याआधी बघायचं असतं. खेळ सुरू झाल्यावर छताकडे कोण बघतो!

आता बॅग. खुर्चीखाली मावेल एवढीच बॅग आत चालते, आणि मोठी आणलीत तर ठेवून घ्यायची सोय तिथे नाही. खाली स्टेशनातही लॉकर नाहीत. आसपास पैसे घेऊन सामान ठेवणारी दुकानं आहेत, पण ती शोधायची, ठेवायचं, परत यायचं, यात पाव तास गेला. आपल्याकडे बॅग का मोठी होते मला पक्कं माहीत आहे. पाण्याची स्टीलची बाटली, डबा, ज्यादाचा स्वेटर, "असू दे बरोबर". बाटली तर तपासणीतच अडते. फोन, चार्जर, कार्ड, लहान मुलाची औषधं, बस्स. हे सगळं खिशात मावतं. थंडीत एक जाडजूड कोट घालण्यापेक्षा दोन पातळ कपडे आणि वरून हलकं जॅकेट घाला, कारण आत उकडतं आणि काढलेला कोट अडीच तास मांडीवर घेऊन बसावं लागतं. जर्सी आतल्या थरावर घाला, म्हणजे जॅकेट काढलं की दिसते. (त्या मुलीने वर घातली होती, कारण तिला स्टेशनपासून सगळ्यांना दाखवायची असणार.)

तिकिटं. कागद नाही, फोनवरच. ज्याचं त्याचं तिकीट आदल्या रात्रीच ज्याच्या त्याच्या फोनवर ट्रान्सफर करा. आईच्या फोनवर दोन, बाबांच्या फोनवर एक. एवढंच केलं असतं तर त्या दोघी सात पस्तीसला आत गेल्या असत्या आणि बाबा मागून आले असते. एवढंच! स्क्रीनशॉट काढून पाठवू नका, त्यातला बारकोड सारखा बदलत राहतो, चित्र चालत नाही. तिकीट घरूनच फोनच्या वॉलेटमध्ये टाकून ठेवा, कारण दाराशी हजारो फोन एकदम जागे असतात आणि नेमकं तेव्हाच अ‍ॅप फिरत बसतं.

सिकॉकस स्टेशन गेलं. आता गाडीवर येतो, आणि इथे मी चिडणार आहे.

न्यू जर्सीतल्या एडिसनहून किंवा पार्सिपनीहून गार्डनला मोटार कशाला न्यायची? लिंकन टनेलचा, म्हणजे नदीखालच्या बोगद्याचा टोल वेगळा. ५ जानेवारी २०२५ पासून मॅनहॅटनमध्ये ६०व्या रस्त्याच्या दक्षिणेला शिरायचे ९ डॉलर वेगळे, आठवड्याच्या दिवशी पहाटे ५ ते रात्री ९, शनिवार-रविवारी सकाळी ९ पासून. बोगद्यातून ई-झीपासने (गाडीतल्या टोलच्या टॅगने) आलात तर त्यातले ३ डॉलर सुटतात, फार उपकार झाले. मॅनहॅटनमध्ये पार्किंगवर १८.३७५ टक्के कर. एसयूव्ही असेल तर बहुतेक गॅरेजं जास्तीचे पैसे लावतात, आणि आपल्यात एसयूव्ही नसलेलं घर दाखवा मला. एवढं करून गाडी तुमच्या हातात नसतेच. किल्ली गॅरेजवाल्याकडे, गाडी चार गाड्यांच्या मागे किंवा तळघरात. मधेच काही ठेवायचं, काढायचं म्हटलं की सगळी उलथापालथ. खेळ संपल्यावर तर तिथे पंचवीस माणसं पावत्या धरून उभी असतात आणि अर्धा-पाऊण तास सहज जातो. थँक्सगिव्हिंगपासून नाताळपर्यंत तर नावच काढू नका, दोन पावलांवर मेसीजचं मोठं दुकान आहे आणि शहर स्वतःच काही दिवस ग्रिडलॉक अ‍ॅलर्ट, म्हणजे वाहतूक तुंबण्याचे दिवस म्हणून जाहीर करतं.

बरं, आजी-आजोबा बरोबर असतील, गुडघ्यांचा त्रास असेल, तर आणा गाडी. पण मग पाचच्या आत बोगदा पार करा.

बाकीच्यांनी ट्रेन. मेट्रोपार्कहून पेन स्टेशन चाळीस-पंचेचाळीस मिनिटं, एडिसनहून पन्नासच्या आसपास, सिकॉकसहून दहा. सव्वासहाला दाराशी यायचं तर सहाच्या आत पेनला लागणारी गाडी धरा. तीही हुकली किंवा रखडली तरी मागची हाताशी राहील अशी. कारण हडसन नदीखाली दोनच बोगदे आहेत, १९१० सालचे, प्रत्येकात एकच रूळ, आणि २०१२ च्या सँडी वादळात दोन्हींत खारं पाणी शिरलेलं. एकात बिघाड झाला की संध्याकाळची सगळी वाहतूक दुसऱ्यातून. म्हणून एक गाडी आधीची, हा नियमच करा. परतीचं तिकीट जातानाच अ‍ॅपवर काढून ठेवा, फक्त अ‍ॅक्टिव्हेट मात्र परतीची गाडी पकडतानाच करा.

पेनला उतरलात की सेव्हन्थ अ‍ॅव्हेन्यूच्या पाट्या बघत वर या. एट्थ अ‍ॅव्हेन्यूकडच्या मॉयनिहान हॉलमध्ये भटकू नका. सुंदर आहे, जुन्या पोस्टाच्या इमारतीत २०२१ मध्ये उघडला, मुलांना दुसऱ्या दिवशी दाखवा. परतताना तर खास लक्षात ठेवा: २१ रुळांपैकी १ ते ४ नंबरच्या रुळांवर मॉयनिहानमधून उतरताच येत नाही. फलकावर ३ नंबर लागला आणि तुम्ही तिथे असाल, तर रस्त्याखालून अख्खा ब्लॉक पळत यावं लागेल. रुळाचा नंबर गाडी सुटायच्या जेमतेम आठ-दहा मिनिटं आधी लागतो. न्यू जर्सी ट्रान्झिटच्या भागातच उभे राहा.

जर्सी सिटीवाल्यांचं सोपं आहे. जर्नल स्क्वेअरच्या इंडिया स्क्वेअरला पोटभर खाऊन घ्या, मग पाथ ट्रेन. फक्त ३३व्या रस्त्याची गाडी बघून चढा, वर्ल्ड ट्रेड सेंटरची निघाली तर शहराच्या दुसऱ्या टोकाला जाल. ३३व्याचं स्टेशन सिक्स्थ अ‍ॅव्हेन्यूवर आहे, तिथून एक लांब ब्लॉक पश्चिमेला चाललं की गार्डन. रात्री अकरानंतर तीच पाथ होबोकेनवरून वळसा घेते, ते धरून चला. खाण्याचं सगळ्यांनाच सांगतो, आतल्या भावात चौघांनी पोट भरायचं म्हणजे आणखी एक तिकीट. घरून खाऊन निघा, मुलाला आत एक पॉपकॉर्न द्या.

न्यूअर्क गेलं. आता जरा शांत झालोय.

सहाला ऑफिस सुटतं, साडेसातचा सामना, लवकर कसं यायचं, असं कुणीतरी खाली लिहिणारच. मान्य, आठवड्याच्या दिवशी अवघड आहे. मग रविवार दुपारचा सामना घ्या. फक्त शनिवार-रविवारचं वेळापत्रक वेगळं असतं, गाड्या कमी असतात, ते आदल्या दिवशी बघून ठेवा. पण अर्धा दिवस सुटी टाकून आणलेलं मूल दुसऱ्या क्वार्टरला खुर्चीत बसतं हे मला पटत नाही, कितीही कारणं द्या. बारा मिनिटांचे चारच क्वार्टर. एक गेला म्हणजे पाव खेळ गेला.

परतीचं एवढंच. खेळ दहाच्या सुमारास संपतो. भोंगा वाजल्याबरोबर उठलात तर जिन्यांवर सगळे एकदम असतात. गाडीला वीस मिनिटं तरी ठेवा, तीस बरी. रात्री गाड्या विरळ होत जातात, त्यामुळे कोणती धरायची आणि ती चुकली तर पुढची केव्हा, हे दोन्ही जातानाच बघून ठेवा. शेवटची दोन मिनिटं सोडून निघणारे असतात. त्यांची गाडी मिळते, हे खरं आहे. पण मुलाला शेवटचा शॉट बघू द्या हो, झोपेल ते गाडीत.

मी निघालो तेव्हा सात एक्कावन्न झाले होते. बाबा अजून आले नव्हते. मी त्या ताईंना म्हटलं, मी थांबतो, तुम्ही आत आडोशाला उभ्या राहा. त्या नको म्हणाल्या, "येतीलच आता हे." मुलगी काही बोलत नव्हती, जर्सीचं खालचं टोक बोटाला गुंडाळत होती आणि सोडत होती. तिला रडू येत नव्हतं, तेच मला जास्त लागलं. बाबांवर मी वर जे काही बोललो ते परत घेतो. त्यांनीही तिच्यासाठीच सगळं केलं असणार, डब्यासकट.

ते बाबा हे वाचत असतील तर: मधल्या वारचा, फारशी चर्चा नसलेल्या संघाबरोबरचा सामना शोधा, तिकिटं जरा स्वस्त मिळतील. मेट्रोपार्क जवळ असेल तर पाचच्या आधी प्लॅटफॉर्मवर या. तिघांची तिकिटं दोन फोनवर. हात मोकळे. जर्सी जॅकेटच्या आत. साडेसहाला दारं उघडतील तेव्हा तिला पुढे उभी करा आणि आत गेल्यावर आधी खुर्ची शोधू नका, तिला कोर्ट दिसेल तिथे पाच मिनिटं थांबा.

रॉवे गेलं. पुढचं स्टेशन माझं. आता हाफटाइम व्हायला आला असेल.