सरासरी आयुष्य 70, म्हणे पेन्शन दहाच वर्षं

तो पेन्शनचा फॉरवर्ड आज तिसऱ्यांदा आला. "भारतीयाचं सरासरी आयुष्य 70, निवृत्ती 60 ला, म्हणजे सरकार पेन्शन देतं दहाच वर्षं. मग रडारड कसली?" खाली टाळ्यांची रांग, आणि टाळ्या वाजवणारे आपलेच शिकलेसवरलेले लोक!

अहो, ते 70 जन्माच्या वेळचं आहे. त्यात तान्ही गेलेली बाळंही धरलेली असतात. साठी गाठलेल्या माणसाच्या पुढे आपल्याकडे साधारण 18 वर्षं असतात. खर्च दहा वर्षांचा नाही, अठरा वर्षांचा. जुनी पेन्शन हवी की नको, यावर खुशाल भांडा. पण आधी आकडा तरी बरोबर घ्या.

या चुकीचा सख्खा भाऊ दोनशे वर्षांपूर्वी ब्रिटिश खजिन्यात बसला होता आणि त्याला पकडणाऱ्या माणसाचं नाव आपल्याकडे कुणाला ठाऊक नाही. जॉन फिनलेसन. जन्म 1783, स्कॉटलंडच्या पार उत्तर टोकाला, थर्सोमध्ये. आधी नौदलाच्या कचेरीत कारकुनी. तिथल्या कागदपत्रांच्या ढिगाऱ्याला त्याने वर्गवारी आणि सूची लावली. म्हणजे मूळचा दप्तर लावणारा माणूस, आणि माझ्या मते पुढचं सगळं त्यातूनच आलं.

1808 पासून ब्रिटिश सरकार वर्षासनं विकत होतं. आज एकरकमी पैसे भरा, मरेपर्यंत दरवर्षी ठरलेली रक्कम घ्या. किंमत ठरायची नॉर्दॅम्प्टन तक्त्यावरून, म्हणजे कोणत्या वयाला पुढे सरासरी किती आयुष्य उरतं हे सांगणाऱ्या तक्त्यावरून. हा तक्ता रिचर्ड प्राइस यांनी नॉर्दॅम्प्टन या इंग्लंडमधल्या गावातल्या दफनांच्या नोंदींवरून केलेला. किती मेले ते हाताशी होतं, पण कोणत्या वयाचे किती जण जिवंत होते ते नव्हतं. जन्मांसाठी चर्चमधले बाप्तिस्मे मोजले. गावात तान्ह्या मुलांना बाप्तिस्मा न देणाऱ्या पंथांची घरं बरीच, ती पोरं मोजणीतून गळाली. जन्म कमी दिसले आणि आयुष्य आखूड निघालं : जन्माच्या वेळी साधारण 25 वर्षं. (फॉरवर्डच्या हिशोबाने तिथे साठीचा माणूसच नसायला हवा. त्याच तक्त्यात साठीला पुढची 13 वर्षं दिली आहेत!)

आता गंमत बघा. आयुष्य आखूड धरणारा तक्ता विमा कंपनीला फायद्याचा, कारण माणसं अपेक्षेपेक्षा उशिरा मरतात आणि हप्ते येत राहतात. तोच तक्ता वर्षासन विकणाऱ्याला बुडवतो.

फिनलेसनने गावाचा नाद सोडला आणि सरकारी दप्तर उघडलं. टॉन्टिन नावाच्या जुन्या कर्जयोजना होत्या. त्यात एकेक जण मेला की बाकीच्यांचा वाटा वाढायचा, म्हणून कोण जिवंत आणि कोण गेला याची चोख नोंद ठेवणं भागच होतं. आपला नोव्हेंबरातला हयातीचा दाखला आठवा. त्याने प्रत्येक वयाला वर्षाच्या सुरुवातीला किती जिवंत होते ते घेतलं, त्यातले वर्षभरात किती गेले ते घेतलं आणि भागाकार केला. पुरुष वेगळे, बायका वेगळ्या. साठीच्या बाईच्या पुढे निघाली 17 वर्षं. म्हणजे 100 पौंडांच्या वर्षासनाला तेरा वर्षांची किंमत घ्यायची आणि द्यायचं सतरा वर्षं. व्याज धरलं तर तफावत थोडी कमी होते, मान्य. तरी भोक ते भोकच.

सरकार यात बुडतंय, हा त्याचा इशारा 1819 चा. 1822 ला त्याला राष्ट्रीय कर्ज कार्यालयाचा ॲक्च्युअरी, म्हणजे आयुष्य आणि पैशांचं गणित मांडणारा अधिकारी, केलं. आणि जुन्या दराची विक्री थांबली कधी? 1828 ला! आठवड्याला 8,000 पौंड गळत होते आणि वार्षिक हिशोबाच्या मांडणीत ते दिसतच नव्हते. डोकं फिरतं हो असलं वाचलं की. आकडे दाखवणारा समोर बसलाय आणि साहेबलोक ताळेबंद चाळतायत.

पण फिनलेसनची आरतीही ओवाळत नाही. 1829 ला त्याच्या नव्या तक्त्यावर विक्री सुरू झाली आणि सट्टेवाल्यांनी नव्वदीचा रकाना हेरला. वर्षासन दुसऱ्याच्या आयुष्यावरही घेता यायचं. मग काय, स्कॉटलंडच्या खेड्यापाड्यांतून ठणठणीत नव्वदीचे म्हातारे शोधायचे आणि त्यांच्या नावावर पैसे लावायचे. तक्ता सरसकट नव्वदीकरांचा, गिऱ्हाईक मात्र निवडून आणलेलं. सरकार पुन्हा बुडालं. नॉर्दॅम्प्टनमध्ये गळालेली पोरं आणि इथे वेचलेले म्हातारे, चूक तीच : ज्यांना पैसे द्यायचे, त्यांची मोजणी झालेलीच नाही.

बिचाऱ्या म्हाताऱ्यांची मात्र चंगळ झाली असणार. इतकी वर्षं कुणी विचारलं नव्हतं, आता लंडनचे सावकार त्यांच्या तब्येतीला जपतायत!

1848 ला लंडनमध्ये ॲक्च्युअरींची संस्था निघाली, पहिला अध्यक्ष फिनलेसन, 1860 ला जाईपर्यंत. सरकारी खुर्ची 1851 ला मुलाकडे गेली. घराणेशाही म्हणा हवं तर, म्हणायला जागा आहे.

आणि तो फॉरवर्ड चौथ्यांदा पाठवणाऱ्याने आधी आपल्या आजीचं वय सांगावं.