बाबा, जा, साहेबांना नमस्कार करा

जपानी दिग्दर्शक यासुजिरो ओझूचा १९३२ चा ‘आय वॉज बॉर्न, बट...’ हा मूकपट कोणी ‘लहान मुलांचा गोड सिनेमा’ म्हणून सुचवला की मला राग येतो. हसू येतं, भरपूर येतं. पण घरातल्या भांडणावरचा इतका कठोर सिनेमा मी क्वचितच पाहिलाय.

योशी हा साधा पगारदार माणूस. बायको आणि दोन मुलांना घेऊन टोकियोच्या उपनगरात, साहेबांच्या घराजवळ बिऱ्हाड करतो. मुलं गल्लीतल्या दादा पोरांना पुरून उरतात. साहेबांचा मुलगा तारोही त्यांच्या हुकमतीत येतो. मग एका संध्याकाळी साहेबांच्या घरी हौसेनं काढलेल्या फिल्म दाखवतात. पडद्यावर बाबा! साहेबांना हसवायला तोंड वेडंवाकडं करताहेत. सगळे खदखदून हसतात, ही दोन मुलं सोडून.

घरी आल्यावर जे होतं ते बघवत नाही. तुम्ही त्यांच्यापुढे का वाकता? ते पगार देतात म्हणून. मग घेऊ नका पगार! नाही घेतला तर खाल काय? यावर मुलं जेवणच सोडतात. बाप थोरल्याला बडवतो, आणि रात्री झोपलेल्या पोरांकडे बघत बायकोशी बोलताना त्याचा सगळा ताठा गळून पडतो. या माणसाला आपलं आयुष्य पुरतं कळलेलं आहे. तात्सुओ साइतोनं हा बाप असा उभा केलाय की मला मुलांचीही बाजू सोडवत नाही आणि त्याचीही.

जपानात बोलपट १९३१ मध्येच आला होता, ओझूनं मात्र पहिला बोलपट केला १९३६ मध्ये. इथे संवादाची उणीव भासतच नाही. ऑफिसातला प्रसंग बघा: कॅमेरा टेबलांच्या रांगेवरून सरकतो, एकेक जण जांभई देतो. एक देत नाही. कॅमेरा मागे फिरून त्याच्यापाशी थांबतो, तेव्हा तोही देतो.

सकाळी बागेत भाताचे गोळे खाताना धाकटा सांगतो, मी लेफ्टनंट जनरल होणार. जनरल दादा होणार आहे. १९३२ चा जपान, आणि ही मुलं दहा वर्षांनी सैन्यात जायच्या वयाची.

शेवटी रेल्वे फाटकाशी साहेबांची गाडी दिसते. बाप घुटमळतो. तेव्हा मुलंच म्हणतात, जा, नमस्कार करा. अनेकांना हा समेट वाटतो. मला नाही वाटत. मुलांनी बापाला माफ केलं असेल, पण त्याच क्षणी ती वाकायलाही शिकली.