टीव्हीने हॉलिवूड मारलं म्हणे!

एक फॉरवर्ड फिरतोय, मला चार ग्रुपवर आला. म्हणे दुसऱ्या महायुद्धानंतर घरोघरी टीव्ही आला, थिएटरं ओस पडली आणि हॉलिवूडचे मोठे स्टुडिओ बसले. ऐकायला झकास आहे, पण तारखा जुळत नाहीत राव.

'टीव्हीमुळे प्रेक्षक पळाला.' अमेरिकेत तिकीटबारीचा कळस १९४६ चा, त्यानंतर लगेच उतरण सुरू. तेव्हा टीव्ही होता कुणाकडे? १९५० सालीसुद्धा दहातल्या जेमतेम एका घरात होता, वर १९४८ ते ५२ सरकारने नव्या स्टेशनांचे परवानेच रोखलेले. मग लोक गेले कुठे, तर सैनिक परत आले, लग्नं झाली, पोरं झाली, शहराबाहेर घरं घेतली, हप्ते सुरू झाले, आणि मोठी थिएटरं राहिली तिकडे शहराच्या मधोमध. तान्हं पोर काखेत घेऊन कोण जातंय! (गाडीत बसून पिक्चर बघायची ड्राइव्ह-इन थिएटरं याच काळात फोफावली, उगाच नाही.)

'स्टुडिओंचं कंबरडं टीव्हीने मोडलं.' मोडलं कोर्टाने, आणि हेच फॉरवर्डमध्ये गायब आहे. पॅरामाउंट, एमजीएम, वॉर्नर, फॉक्स, आरकेओ या पाच बड्या स्टुडिओंचं म्हणजे घरचंच शेत, घरचाच अडत्या, घरचंच दुकान: पिक्चर काढणारे, वाटणारे आणि थिएटरात दाखवणारे तेच. थिएटर दुसऱ्याचं असलं तर एका हिटसोबत चार पडेल पिक्चर न बघता गळ्यात मारायचे. मे १९४८ मध्ये सुप्रीम कोर्टाने ही जबरदस्ती बंद केली आणि पुढे थिएटरंही विकावी लागली. हक्काचं दुकानच गेल्यावर ढिगाने पिक्चर काढून विकणार कुठे, आणि शेकडो माणसं कायम पगारावर पोसायची कशाला?

'टीव्हीने स्टार पळवले' तर निव्वळ थाप. नटी ऑलिव्हिया डी हॅविलंड १९४४ मध्येच वॉर्नरविरुद्ध केस जिंकली होती, करार सात वर्षांपुढे ताणता येणार नाही म्हणून. १९५० मध्ये नट जेम्स स्ट्युअर्टने ठरलेल्या मानधनाऐवजी नफ्यात वाटा घेतला. टीव्हीचा काय संबंध?

५२ नंतर टीव्हीने दणका दिला हे मान्य, रुंद पडदा त्याच धास्तीने आला. पण १९५५ पासून वॉर्नर स्वतःच टीव्हीसाठी मालिका काढायला लागला होता. आणि आधीचा मालक हॉवर्ड ह्यूजने वाट लावलेल्या आरकेओचा स्टुडिओ १९५७ मध्ये विकला गेला, तो घेतला ल्युसिल बॉल आणि देसी आर्नाझ या टीव्हीवरच्या नवरा-बायकोच्या कंपनीने, टीव्हीवर कमावलेल्या पैशाच्या जोरावर. ल्युसिलबाई एकेकाळी त्याच आरकेओत पगारावर होत्या.