अर्ज केला म्हणजे केस माहेरच्या कोर्टात आली, असं नाही

नातेवाइकांच्या आणि महिला मंडळांच्या ग्रुपवर सध्या एक मेसेज फिरतोय. मजकूर साधारण असा: ‘बायकोने एक अर्ज दिला की नवऱ्याने टाकलेली घटस्फोटाची केस आपोआप तिच्या माहेरच्या कोर्टात जाते. अर्ज दिल्यावर जुन्या कोर्टात तारखेला जायची गरज नाही. नवऱ्याचं म्हणणं कोणी ऐकत नाही.’ खाली कुणीतरी जोडलंय, ‘आता सगळं व्हीसीवर (व्हिडिओ कॉन्फरन्सवर) होतं, केस वर्ग करणं (दुसऱ्या कोर्टात पाठवणं) बंद झालंय.’ मी कौटुंबिक न्यायालयात वकिली करते. मेसेजमधलं ‘तारखेला जायची गरज नाही’ हे वाक्य किती महाग पडतं, ते मी पाहिलंय, म्हणून त्यापासूनच सुरुवात करते.

माझ्याकडे नाशिकची एक मुलगी आली. हातात प्लास्टिकची पिशवी, त्यात समन्स, लग्नपत्रिका आणि उच्च न्यायालयात दाखल केलेल्या अर्जाची पोच. नवऱ्याची केस नागपूरला. पोच मिळाली त्या दिवसापासून ती नागपूरला गेलीच नाही. लागोपाठ तीन तारखा हुकल्या आणि केस तिच्याविरुद्ध एकतर्फी चालवण्याचा हुकूम झाला. मोबाइल पुढे करून म्हणाली, “ताई, यात तर जायची गरज नाही असं लिहिलंय.”

नुसता अर्ज दाखल झाल्याने मूळ केस थांबत नाही. वरच्या न्यायालयाने स्थगिती दिली, तरच थांबते. स्थगितीची प्रत मूळ न्यायालयात दाखल होईपर्यंत पुकारा होणारच. स्वतः जाता येत नसेल तर वकालतनामा देऊन वकील उभा करा आणि मुदतीचा अर्ज द्या. पण तारीख मोकळी सोडू नका.

आता ‘आपोआप’बद्दल. आपोआप काही होत नाही. मूळ केस आणि माहेर एकाच उच्च न्यायालयाच्या हद्दीत असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 24 खाली त्या उच्च न्यायालयात अर्ज करायचा. दोन्ही न्यायालयं एकाच जिल्ह्यातली असतील तर जिल्हा न्यायाधीशही केस वर्ग करू शकतात. नागपूरची केस इंदूरला न्यायची असेल तर कलम 25 आणि थेट सर्वोच्च न्यायालय. सासरच्या छळाचा (पूर्वीचं 498 अ) फौजदारी खटला असेल तर रस्ताच वेगळा, तो भारतीय नागरिक सुरक्षा संहितेतून जातो.

हिंदू विवाह कायद्यात 1976 साली आलेलं कलम 21 अ आहे, बहुधा त्यावरूनच ही ‘आपोआप’ची समजूत पसरली असावी. पण ते माहेराबद्दल बोलतच नाही. नवरा-बायको दोघांनीही घटस्फोटाची किंवा न्यायिक विभक्ततेची (लग्न न मोडता वेगळं राहण्याची) याचिका केली असेल, तर नंतरची याचिका आधीच्या न्यायालयात जाते, एवढंच ते सांगतं. म्हणजे नवऱ्याने आधी टाकली असेल तर तुमचीच केस त्याच्या गावी जाऊ शकते! नांदायला येण्यासाठीची कलम 9 ची याचिका यात मोडत नाही, हे तर पुष्कळांना ठाऊकच नसतं. मात्र कलम 21 अ ने सर्वोच्च न्यायालयाचे हात बांधले जात नाहीत, असं 1981 च्या गुडा विजयालक्ष्मी प्रकरणात ठरलंय. तिथे पत्नीचा पोटगीचा दावा आंध्र प्रदेशातल्या एलुरूला होता आणि पतीची घटस्फोटाची केस उदयपूरला. पतीची केस एलुरूला वर्ग झाली.

नवऱ्याचं ऐकतच नाहीत, हेही खोटं. पत्नीची सोय आधी बघावी, असा न्यायालयांचा कल आहे आणि तो रास्तच आहे. 2022 च्या ऐश्वर्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तेच पुन्हा सांगितलं. पण त्यासोबत दोघांची आर्थिक स्थिती, सामाजिक थर, राहणीमान आणि कोण कोणाच्या आधाराने जगतंय, हेही पाहायला सांगितलं. 2006 च्या अनिंदिता दास प्रकरणात तर पत्नीचा अर्ज फेटाळला गेला. मूल सहा वर्षांचं होतं, सांभाळायला आजी-आजोबा होते. मात्र तिचा आणि सोबत येणाऱ्याचा प्रवासाचा आणि राहण्याचा खर्च पतीने द्यावा, असा आदेश झाला. त्यामुळे अर्जात ‘मला त्रास होतो’ एवढं लिहून भागत नाही. मुलाच्या शाळेचा दाखला, आईच्या आजारपणाचे कागद, पगाराची चिठ्ठी, रात्रभराच्या प्रवासाची तिकिटं, धमकीची तक्रार केली असेल तर तिची प्रत, जे खरं आहे ते कागदासकट लावा.

व्हीसीचं म्हणाल, तर मार्च 2017 मध्ये कृष्णा वेणी नागम प्रकरणात केस वर्ग करण्याऐवजी व्हीसीचा पर्याय पुढे आला. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये संथिनी प्रकरणात तीन न्यायाधीशांच्या खंडपीठाने दोन विरुद्ध एक मतांनी तो निर्णय बदलला. कोविडनंतर व्हीसीचा वापर वाढलाय, पण त्यामुळे केस वर्ग करणं बंद झालेलं नाही.

पैसे नाहीत म्हणून थांबणाऱ्या बायकांना मी एकच सांगते, स्त्रियांना मोफत वकील मिळण्यासाठी उत्पन्नाची अट नाही. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय बहुतेक ठिकाणी कोर्टाच्या आवारातच असतं.

नाशिकच्या त्या मुलीसाठी आम्ही आधी नागपूरला एकतर्फी हुकूम रद्द करण्याचा अर्ज दिला आणि मग उच्च न्यायालयात स्थगिती मागितली. तिला रात्रीच्या गाडीने नागपूर गाठावंच लागलं, कडेवर तीन वर्षांचा मुलगा घेऊन.