अब्बास म्हणजे फक्त राज कपूरचे लेखक नव्हेत

पत्रकार, पटकथालेखक आणि दिग्दर्शक ख्वाजा अहमद अब्बास यांच्याविषयी एक मजकूर दरवर्षी जूनमध्ये, त्यांच्या जयंती-पुण्यतिथीच्या सुमाराला, हमखास फिरतो. त्याचं म्हणणं थोडक्यात असं: तरुणपणी पत्रकारिता केली, सिनेमा मिळाल्यावर ती सोडली. राज कपूरमुळे नाव झालं. स्वतः काढलेले चित्रपट पडले. अमिताभला पहिली संधी दिली म्हणून लक्षात राहिले. चार वाक्यांत एवढा मोठा माणूस इतका लहान केलेला पाहून मला मनापासून वाईट वाटतं.

पत्रकारिता सोडली, हे तर साफ खोटं. अलिगढहून मुंबईत आलेले अब्बास १९३५ साली ‘बॉम्बे क्रॉनिकल’ या वृत्तपत्रात लागले. त्यांचं ‘लास्ट पेज’ हे साप्ताहिक सदर आधी तिथे आणि नंतर ‘ब्लिट्झ’ साप्ताहिकात चाललं, ते थेट १९८७ साली त्यांचं निधन होईपर्यंत. राज कपूरसाठी त्यांनी लिहिलेला ‘आवारा’ गाजत असताना सदर चालू होतं, ‘बॉबी’ गाजत असतानाही.

त्यांच्या सिनेमातही बातमीदार सतत जागा असतो. १९४१ च्या ‘नया संसार’चा नायकच वार्ताहर आहे. बंगालमध्ये १९४३ साली दुष्काळ पडला, माणसं रस्त्यावर मेली. त्यावर अब्बासनी इप्टा या डाव्या विचारांच्या नाट्यसंघटनेच्या कलावंतांना घेऊन ‘धरती के लाल’ दिग्दर्शित केला. आपल्या सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस १९३८ साली काँग्रेसच्या वैद्यकीय पथकातून चीनला गेले आणि १९४२ मध्ये तिथेच वारले. अब्बासनी त्यांच्यावर पुस्तक लिहिलं. शांतारामबापूंनी त्यावरून ‘डॉ. कोटनीस की अमर कहानी’ काढला आणि स्वतः कोटणीस रंगवले.

आता राज कपूर. वर सांगितलेले ‘धरती के लाल’ आणि ‘डॉ. कोटनीस’ हे दोन्ही १९४६ चे. त्याच वर्षी चेतन आनंद यांच्या ‘नीचा नगर’ला कान महोत्सवात सर्वोच्च पुरस्कार विभागून मिळाला. त्याच्या लेखनातही अब्बास होते. ‘आवारा’ यानंतर पाच वर्षांनी आला. मग नाव कुणामुळे झालं? ‘आवारा’च्या बाबतीत आणखी एका माणसाचं नाव घ्यायला हवं: व्ही. पी. साठे. ‘डॉ. कोटनीस’च्या लेखनात अब्बासांबरोबर ते होते, ‘आवारा’तही होते. फिरणाऱ्या मजकुरात साठ्यांचा उल्लेखच नसतो, आणि मराठी माणसंही तो तसाच पुढे पाठवतात.

चित्रपट पडले, हे पुष्कळ अंशी खरं आहे. राज कपूरसाठी लिहून आलेला पैसा ते स्वतःच्या चित्रपटांत घालत आणि तो बऱ्याचदा बुडे. पण मुंबईत घर न मिळालेल्या जोडप्याची गोष्ट सांगणाऱ्या ‘शहर और सपना’ला १९६३ च्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं राष्ट्रपती सुवर्णपदक मिळालं, ते कुठल्या खात्यात टाकायचं?

चार महानगरांतली श्रीमंती आणि हलाखी शेजारी शेजारी दाखवणारा त्यांचा एक छोटा माहितीपट होता. त्यातल्या मुंबईच्या वेश्यावस्तीच्या दृश्यांवर सेन्सॉरने बोट ठेवलं. अब्बास सर्वोच्च न्यायालयात गेले. सुनावणी चालू असताना सरकार काटछाट न करता प्रमाणपत्र द्यायला तयार झालं. खटला तिथेच मिटला असता. त्यांनी मात्र अर्जात दुरुस्ती मागून पूर्वसेन्सॉरशिपलाच, म्हणजे चित्रपट दाखवण्याआधी तो तपासण्याच्या पद्धतीलाच, आव्हान दिलं. १९७० साली निकाल विरुद्ध गेला, तरी सेन्सॉरने कोणत्या निकषांवर कात्री चालवावी यावर देशाच्या सर्वोच्च न्यायालयाला बोलावं लागलं. तिकीटबारीच्या हिशेबात हे कधीच येत नाही.

राहिला अमिताभ. ‘सात हिंदुस्तानी’ने त्यांना पडद्यावर आणलं, हे खरंच. पण १९६९ चा तो चित्रपट आहे गोव्याच्या मुक्तिलढ्याचा: देशाच्या वेगवेगळ्या भागांतली माणसं पोर्तुगीज सत्तेविरुद्ध गोव्यात शिरतात. नट निवडताना अब्बासनी मुद्दाम प्रांत उलटेपालटे केले. बंगाली उत्पल दत्त पंजाबी झाले, मल्याळी मधू बंगाली झाले, अलाहाबादचे अमिताभ बिहारचे अन्वर अली झाले आणि आपला मराठी सखाराम शिंदे झाला जलाल आगा.