बाप खलनायक नसला की सिनेमा अवघड होतो

विदर्भातल्या शेतकऱ्यावर सिनेमा म्हटलं की सगळी नजर बापाच्या मरणाकडे. सतीश मनवरांचा 'गाभ्रीचा पाऊस' (२००९) मला फार आवडतो. बाप जिवाचं काही बरंवाईट करून घेईल या धास्तीनं त्यात माय लहानग्या दिनूलाच बापामागे पाळतीवर पाठवते. तो दिनू पंधरा वर्षांचा झाल्यावर काय करत असेल, हा सिनेमा मला बघायचाय.

काय करतो ते गावात दिसतंच म्हणा. कापूस वेचणीला आला की माय सकाळीच फडकं बांधून वावरात, बाप सोसायटीच्या नाहीतर सावकाराच्या दारात. पोट्टं शाळेच्या नावानं निघतं अन् पानठेल्यावर बसतं. पन्नीत सुपारी, तंबाखू, चुना घेऊन पाटीवर खर्रा घोटत. हात इतका सराईत की नजर मोबाईलवरून हलत नाही. त्याला घरी कोणी मारत नाही. 'जेवला का?' असंही कोणी विचारत नाही.

'उडान' (२०१०) चांगलाच आहे, पण तिथं बाप दुष्ट आहे. पोरगा धाकट्या भावाला घेऊन निघाला की आपण सुटलो. हिरोकाझू कोरे-एडाचा 'नोबडी नोज' (२००४) तसं सुटू देत नाही. टोकियोतल्या फ्लॅटमध्ये चार लेकरं ठेवून आई निघून जाते. ती बाई हसरी आहे, लाड करते, पैसे ठेवून जाते, म्हणून तिच्यावर धड रागावताही येत नाही. बारा वर्षांचा थोरला हिशेब मांडत घर चालवतो. ते काम करणाऱ्या युया यागिराला वयाच्या चौदाव्या वर्षी फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा मान मिळाला. अन् तो तर पडद्यावर रडतही नाही फारसा!

आपल्याकडे हे 'फँड्री'नं (२०१३) केलं. जब्याचा बाप कचरू पोराला शाळा बुडवून डुकरामागे पळवतो, कारण गावानं त्याला कामाला जुंपलंय. दोष कचरूवर ढकलून उठता येत नाही. बघणाऱ्या गावात आपणही असतो. 'लई रडका पिक्चर' म्हणणारे बहुतेक इथंच अवघडलेले असतात, असं माझं मत. पटत नसेल तर भांडा.

यंदा गणपतीत मंडळाच्या पडद्यावर 'फँड्री' लावा म्हटलं. अध्यक्ष म्हणाला, "काऊन भाऊ, सणासुदीले लोकायले रडवता?"

साऊथचा डब पिक्चर लागला. पानठेल्यावरची सगळी पोट्टी पुढच्या रांगेत होती.